साडेएकोणचाळीस गुंठे: पुण्यातील बांधकाम व्यावसायिकांना खुले पत्र

प्रति,
पुणे महानगरातील सर्व बांधकाम व्यावसायिक आणि त्यांच्या संघटना

विषय: परवडणारे घर मंजूर नकाशापासून ताब्यापर्यंतच्या वाटेत कुठे कुठे गळते याबाबत

सप्रेम नमस्कार.

नकाशे काढणे, करारनामे तपासणे, गृहकर्जाच्या फायली लावणे आणि ताबा झाल्यावर सोसायट्यांचे हिशेब लिहिणे, ही आमची रोजची कामे आहेत. पुण्यात परवडणारी घरे का मिळत नाहीत याची चर्चा निघाली की ती जमिनीच्या भावापाशी सुरू होते आणि तिथेच संपते. जमीन महाग आहे, हे खरेच. तरी जे घर परवडणारे म्हणून कागदावर असते, तेही गिऱ्हाइकाच्या हाती पडेपर्यंत तसे राहत नाही. ते कुठे सुटते, हे फायलींमध्ये स्पष्ट दिसते. त्यातल्या बऱ्याच जागा तुमच्या हातातल्या आहेत, म्हणून हे पत्र तुम्हाला.

आधी परवडणे म्हणजे किती, ते आकड्यात मांडू. म्हाडाच्या २०२२ पासूनच्या निकषांप्रमाणे पुणे महानगर प्रदेशात वर्षाला ६ लाखांपर्यंत उत्पन्न असलेले कुटुंब अत्यल्प गटात येते आणि ९ लाखांपर्यंतचे अल्प गटात. साडेआठ टक्के व्याज आणि २० वर्षांची मुदत धरली तर लाखाला महिन्याचा हप्ता ८६८ रुपये बसतो. महिना ५० हजार मिळवणाऱ्या घराने त्यातले २० हजार हप्त्याला काढले (याहून जास्त काढले तर शाळेची फी आणि दवाखाना यांना काही उरत नाही), तर कर्ज मिळते २३ लाखांचे. म्हणजे घर २५-२६ लाखांचे. महिना ७५ हजारवाल्याला याच हिशेबाने साडेचौतीस लाखांचे कर्ज आणि ४३ लाखांचे घर. जीएसटीच्या नियमात २०१९ साली परवडणाऱ्या घराची मर्यादा ठरली ती ४५ लाखांची. म्हणजे ज्याला सरकार परवडणारे म्हणते, ते अल्प गटाच्या अगदी वरच्या टोकाला असलेल्या कुटुंबालाही जेमतेम झेपते. अत्यल्प गटाला तर सरकारी योजनांची घरे सोडली तर एकच दार उघडे आहे: तुमच्याच प्रकल्पांतली २० टक्के घरे. पहिली गळती याच दाराशी आहे.

महापालिका हद्दीत ४,००० चौरस मीटर किंवा त्याहून मोठ्या भूखंडावर गृहप्रकल्प करायचा तर मूळ चटईक्षेत्राच्या (भूखंडावर मुळात जेवढे बांधकाम करता येते त्याच्या) २० टक्के घरे ३० ते ५० चौरस मीटरची बांधायची, ती म्हाडाच्या सोडतीतून ठरलेल्या दराने द्यायची, अशी सर्वसमावेशक घरांची तरतूद २०२० च्या एकत्रिकृत विकास नियंत्रण नियमावलीत आहे. आता एक एकर म्हणजे ४० गुंठे, ४,०४७ चौरस मीटर. साडेएकोणचाळीस गुंठे म्हणजे ३,९९६. अर्ध्या गुंठ्याने नियम सुटतो. ४,००० चौरस मीटरला १.१ चटईक्षेत्र निर्देशांकाने ४,४०० चौरस मीटर होतात, त्यातले २० टक्के म्हणजे ८८०. चाळीस-चाळीस मीटरची घरे धरली तर बावीस. मोजणीच्या नकाशावर एक रेघ सरकली आणि बावीस कुटुंबांची घरे गेली.

हे घडते कसे, तेही लिहून ठेवतो, कारण नियम करणाऱ्यांनी ते वाचायला हवे. एकाच मालकाचा तीन एकरांचा सर्व्हे नंबर असतो. आधी वाटणीपत्र होते, पोटहिस्से पडतात, प्रत्येक सातबारा वेगळा होतो. मग प्रत्येक तुकडा घरातल्याच वेगवेगळ्या भागीदारी संस्थांच्या नावावर विकसनासाठी जातो. तिन्ही नकाशे वेगवेगळ्या तारखांना दाखल होतात. पण गेट एक, अंतर्गत रस्ता एक, क्लब हाऊस एक आणि माहितीपत्रकावर प्रकल्पाचे नावही एकच. कागदावर प्रत्येक तुकडा नियमात बसतो, म्हणून त्याला कुणी हात लावत नाही. आमचे म्हणणे साधे आहे. विक्रीच्या माहितीपत्रकात तुम्ही ज्याला एक प्रकल्प म्हणता, त्याला २० टक्क्यांच्या हिशेबातही एकच प्रकल्प धरा. नियम तसा बदलण्याची वाट न पाहता तुमच्या संघटनेने सभासदांसाठी हे ठरवून टाकावे. महापालिकेनेही नकाशा मंजूर करताना चालू सातबाऱ्यावर न थांबता मागच्या पाच-सात वर्षांचे फेरफार पाहावेत. ते एका टेबलावर तासाभरात दिसतात.

जिथे २० टक्के घरे खरोखर बांधली जातात, तिथली अडचण वेगळी आहे. ती इमारत बहुतेक वेळा शेवटच्या टप्प्यात ठेवलेली असते. विक्रीच्या इमारतींचे काम पुढे निघून जाते, आणि या इमारतीचे जोतेसुद्धा झालेले नसते. सोडतीत नंबर लागलेल्याची मात्र दमछाक होते. बँकेची कर्जमंजुरी काही महिन्यांचीच असते. ती संपली की उत्पन्नाचे पुरावे नव्याने, मूल्यांकन नव्याने, प्रक्रिया शुल्क नव्याने. यावर उपाय अवघड नाही. बांधकाम प्रारंभ प्रमाणपत्र हाती आले त्याच आठवड्यात म्हाडाच्या पुणे मंडळाला घरांची यादी, क्षेत्रफळे आणि अंदाजे ताब्याची तारीख कळवा. या इमारतीचे जोते तपासणी प्रमाणपत्र विक्रीच्या पहिल्या इमारतीबरोबरच घ्या. तिची जमिनीखालची पाण्याची टाकी वेगळी आणि पुरेशी ठेवा: ४० घरे, घरटी चार माणसे, माणशी १३५ लिटर म्हणजे रोजचे २१,६०० लिटर, तेव्हा दीड दिवसाचा साठा धरून ३२ हजारांची टाकी तरी हवीच. ही टाकी मुख्य टाकीच्या शेवटच्या फाट्यावर जोडली की उन्हाळ्यात पहिले पाणी याच इमारतीचे जाते. मग त्या लोकांनी भांडायचे कुणाशी?

आता खुल्या बाजारातल्या छोट्या घराकडे येऊ. जाहिरातीत किंमत ४४ लाख ५० हजार, ‘६५० फूट सेलेबल’, म्हणजे जिना-लॉबीसारख्या सामाईक जागांचा वाटा धरून फुगवलेले क्षेत्र. स्थावर संपदा कायदा महाराष्ट्रात २०१७ च्या मे महिन्यापासून लागू झाला, विक्री कार्पेट क्षेत्रावरच (घराच्या आतल्या वापरायच्या जागेवर) व्हायला हवी, करारनाम्यात कार्पेटच लिहिले जाते. तरीही साइट ऑफिसात पहिला आकडा सेलेबलचाच ऐकू येतो. ४० टक्के लोडिंग, म्हणजे कार्पेटवर चढवलेला हा वाटा, काढले की हे ६५० फूट ४६४ फूट होतात, म्हणजे ४३ चौरस मीटर. गिऱ्हाईक मनात ६५० ला भागून दर काढते आणि शेजारच्या प्रकल्पाशी तुलना करते. ती सगळी तुलना चुकीची निघते.

पुढे पार्किंगचे दोन लाख. इन्फ्रा (पायाभूत सुविधा), एमएसईबी (वीजजोडणी), लीगल (कागदपत्रे) मिळून दीड लाख. झाले ४८ लाख. इथे एक गोष्ट तुमच्या विक्री विभागाला माहीत असते आणि गिऱ्हाइकाला कधीच माहीत नसते. जीएसटीची ४५ लाखांची मर्यादा एकूण रकमेवर मोजतात. पार्किंग, विकास शुल्क, सामाईक सुविधांचे शुल्क, जागेच्या पसंतीचे जादा पैसे, सगळे त्यात धरतात. म्हणजे बाकीच्या आकारांमुळे घर ४५ च्या वर गेले की एक टक्क्याचा कर पाच टक्के होतो, आणि तोही वरच्या तीन लाखांवर नाही, पूर्ण ४८ लाखांवर. ४४,५०० रुपयांच्या जागी २ लाख ४० हजार. महापालिका हद्दीत पुरुषाच्या नावावर मुद्रांक शुल्क, स्थानिक संस्था आणि मेट्रोचे अधिभार धरून सात टक्के, म्हणजे ३ लाख ३६ हजार. (घर फक्त बाईच्या नावावर घेतले तर एक टक्का कमी, ४८ हजार वाचतात. हे बुकिंगच्या वेळीच सांगा. करारनामा टाइप झाल्यावर सांगून उपयोग नसतो, तेव्हा बँकेचे कागद दोघांच्या नावाने तयार झालेले असतात.) नोंदणी ३० हजार. दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स महिना तीन हजाराने ७२ हजार आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, मिळून ८४,९६०.

बेरीज ५४ लाख ९१ हजार होते. जाहिरातीपेक्षा दहा लाख जास्त.

आणि बँक या दहा लाखांना कर्ज देताना हात आखडते. ३० लाखांवरच्या कर्जाला रिझर्व्ह बँकेच्या नियमाने घराच्या किमतीच्या ८० टक्केच मिळतात, आणि मुद्रांक-नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत. ४८ लाखांवर कर्ज ३८ लाख ४० हजार. उरलेले साधारण साडेसोळा लाख रोख लागतात. हप्ता झेपणारे कुटुंब याच ठिकाणी अडखळते, मग गावची जमीन, दागिने, पतसंस्थेचे वैयक्तिक कर्ज असे करत उभे राहते. तुमच्या फायलीत ही रद्द झालेली बुकिंगे ‘फायनान्स इश्यू’ म्हणून दिसतात. त्यातली कितीतरी, घर पार्किंगसकट ४४ लाख ९० हजारांत बसवले असते तर टिकली असती. मर्यादेच्या आत राहिले तर करातच सुमारे दोन लाख सुटतात. हे वाचलेले पैसे कराचे असतात, तुमच्या खिशातले नव्हे.

मर्यादेत बसवायचे तर नकाशापासून विचार करावा लागतो. ३८ चौरस मीटरचे, म्हणजे ४०९ फुटांचे घर चांगले होऊ शकते. हॉल १० बाय १४, बेडरूम १० बाय १२, स्वयंपाकघर ७ बाय ९. संडास आणि न्हाणीघर वेगवेगळे ठेवा, ३ बाय ४ आणि ४ बाय साडेसहा, दोन्हींची दारे पॅसेजमध्ये. सकाळी सात वाजता पाच माणसांच्या घरात या एका गोष्टीने केवढा फरक पडतो! हल्लीच्या छोट्या घरांत दोन्ही एकत्र करून बेडरूमला जोडतात. पाहुण्याला नि सासूबाईंना झोपायच्या खोलीतून जावे लागते. शेजारच्या दोन घरांची न्हाणीघरे पाठीला पाठ लावली की चार मजली असो की बारा मजली, पाइपांचा एकच डक्ट दोघांना पुरतो आणि गळती शोधायला एकच जागा राहते. मायव्हान शटरिंग (ॲल्युमिनियमच्या साच्यात भिंती आणि स्लॅब एकत्र ओतायची पद्धत) वापरणार असाल तर विजेचे पॉइंट, गिझर आणि वॉशिंग मशीनचे नळ आधीच नीट ठरवा. त्या काँक्रीटच्या भिंतीत नंतर छिन्नी चालत नाही. लोक वरून पट्टी मारून वायरी फिरवतात आणि मशीन पॅसेजमध्ये ठेवतात. वॉशिंग मशीनसाठी स्वयंपाकघरामागे ३ बाय ५ ची ड्राय बाल्कनी पुरते.

सुविधांबद्दलही एक विनंती. सहकारी गृहनिर्माण संस्थेत सेवा शुल्क सर्व सदनिकांना समान बसते. अपार्टमेंट पद्धतीत ते अविभक्त हिश्श्याप्रमाणे, म्हणजे सामाईक मालमत्तेत ज्याचा जेवढा वाटा तेवढे, वाटले जाते. एकाच सोसायटीत तीन बेडरूमचे आणि एक बेडरूमचे घर असले तर पोहण्याच्या तलावाच्या पंपाचे, पहारेकऱ्यांचे, जिमच्या एसीचे पैसे छोट्या घराला तेवढेच भरावे लागतात. छोट्या घरांची इमारत कमी उंचीची, एक जिना, साध्या लिफ्टची ठेवा. उंच इमारतीला फायर लिफ्ट, दाबाचे पंप, त्यांचा वार्षिक देखभाल करार हे सगळे मागून येते आणि ते कधीच कमी होत नाही.

पाण्याचा मुद्दा सर्वांत गंभीर आहे. २०१७ ला ११ आणि २०२१ ला २३ गावे महापालिकेत आली. स्वस्त जमीन तिथे, म्हणून स्वस्त घरही तिथेच. मंजुरी घेताना तुम्ही हमीपत्र देता की महापालिकेचे पाणी येईपर्यंत स्वखर्चाने पाणी पुरवू. इमारत सोसायटीकडे हस्तांतरित झाली की ते हमीपत्र फायलीत राहते आणि टँकरचे बिल सोसायटीकडे येते. १०० सदनिकांना रोज ५४ हजार लिटर लागते. दहा हजार लिटरचे ५.४ टँकर. टँकर हजार रुपयांना धरला तरी महिन्याला एक लाख ६२ हजार, घरटी १,६२० रुपये. हप्त्याच्या भाषेत ते एक लाख ८७ हजारांच्या कर्जाएवढे झाले, फरक एवढाच की हे कर्ज फिटत नाही. आणि पाण्याची खात्रीही नसते. २०२५ च्या जानेवारीत सिंहगड रस्ता, नांदेड गाव, किरकटवाडी, धायरी भागात गुलियन-बॅरे या मज्जातंतूंच्या आजाराची साथ आली, तेव्हा विहिरी, आरओ केंद्रे आणि टँकर भरण्याची ठिकाणे तपासायला महापालिकेला धावपळ करावी लागली. तेव्हा एक करा: हमीपत्राची प्रत करारनाम्याला जोडा, आणि महापालिकेची जोडणी चालू होईपर्यंत टँकरचा खर्च कोण देणार, त्यासाठी बाजूला काढलेली रक्कम किती, हे कलम म्हणून लिहा. पाणी आठवड्यातून एकदा तपासून अहवाल सूचनाफलकावर लावायचा खर्च फार नाही.

उशीर झाला की काय होते, हे थोडक्यात. स्थावर संपदा कायद्याखालच्या आदर्श करारनाम्याप्रमाणे जोते झाल्यावर ४५ टक्क्यांपर्यंत आणि स्लॅब संपल्यावर ७० टक्क्यांपर्यंत पैसे घेता येतात. म्हणजे ६० लाखांच्या घरात स्लॅब संपेपर्यंत गिऱ्हाइकाचे स्वतःचे १२ लाख गेलेले असतात आणि बँकेचे ३० लाख. बँकेच्या पैशाचे साडेआठ टक्क्यांनी नुसते व्याज महिना २१,२५०. आतले काम दीड वर्ष रखडले तर ३ लाख ८२ हजार ५०० रुपये व्याज, शिवाय राहत्या घराचे भाडे. याच कायद्याच्या कलम १८ प्रमाणे बिल्डरने गिऱ्हाइकाला उशिराचे व्याज द्यायचे असते. ते महारेराकडे (या कायद्याखालच्या राज्याच्या प्राधिकरणाकडे) तक्रार होईपर्यंत थांबवू नका, शेवटच्या हप्त्यातून स्वतःहून वळते करा.

तुमची बाजू आम्हाला माहीत आहे. दहा कोटींची जमीन १५ टक्के व्याजाच्या पैशावर घेतली तर महिन्याला साडेबारा लाख व्याज चढते. परवानग्यांत एक वर्ष गेले की १०० घरांच्या प्रकल्पात प्रत्येक घरावर दीड लाखाचा बोजा पडतो. प्रीमियम चटईक्षेत्राला (पैसे भरून मिळणाऱ्या जादा बांधकामाला) जमिनीच्या वार्षिक दराच्या ३५ टक्के भरावे लागतात. सिमेंटवर भरलेल्या जीएसटीची वजावट मिळत नाही. २०२५ च्या सप्टेंबरमध्ये सिमेंटचा कर २८ वरून १८ टक्के झाला. पिशवीमागे २५-२७ रुपये वाचले, ९०० फूट बांधकामाला साडेतीनशे पिशव्या धरल्या तर घरामागे जेमतेम पावणेनऊ ते साडेनऊ हजार. त्याने घर स्वस्त होत नाही, हे आम्हीही जाणतो. म्हणून ५० चौरस मीटरपर्यंतच्या घरांना प्रीमियम कमी करा, त्यांच्या नकाशांना ठरलेल्या दिवसांत मंजुरी द्या, या तुमच्या मागण्यांना आमचा पाठिंबा आहे. मात्र आधीचा अनुभव लक्षात ठेवून. २०२१ साली राज्याने प्रीमियममध्ये ५० टक्के सूट दिली तेव्हा अट घातली होती की सूट घेणाऱ्याने गिऱ्हाइकाचे मुद्रांक शुल्क भरावे. तशीच अट पुन्हा हवी: सूट घेतली तर किती घरांची किंमत कितीने उतरली ते महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाच्या पानावर दिसावे.

आणि ज्यांना यातले काहीच मिळत नाही ते लोक जातात कुठे? अर्धा गुंठा घेतात, साधारण ५४५ चौरस फूट, हिस्स्याने, नोटरीच्या कागदावर. किंवा परवानगी नसलेल्या पाच मजली इमारतीत कुलमुखत्यारपत्रावर सदनिका. दस्त नोंदत नाही, राष्ट्रीयीकृत बँक कर्ज देत नाही, म्हणून चढ्या व्याजाचे खासगी कर्ज. रस्ता इतका अरुंद की अग्निशमनाची गाडी आत वळत नाही. ही माणसे बेकायदा वागायची हौस म्हणून तिथे जात नाहीत. २५ लाखांचे कायदेशीर घर शहरात त्यांना कुणी दाखवलेच नाही.

आमची तुमच्याकडे तातडीची मागणी एका कागदाची आहे. पुढच्या बुकिंगच्या मुहूर्ताला, दसरा असो की पाडवा, प्रत्येक साइट ऑफिसात दर्शनी भिंतीवर एकपानी किंमतपत्रक लावा, मराठीत. त्यावर कार्पेट क्षेत्र चौरस मीटर आणि फुटांत, मूळ किंमत, पार्किंग आणि बाकी सगळे आकार, जीएसटी कोणत्या दराने व का, मुद्रांक आणि नोंदणी, ताब्यापर्यंतची एकूण बेरीज, मेंटेनन्स महिन्याला किती, पाणी कुठून येते आणि टँकर लागला तर घरटी किती. भूखंडाचे एकूण क्षेत्र, त्याचा मूळ सर्व्हे नंबर आणि २० टक्क्यांतली घरे किती, हेही. खाली तुमची सही आणि तारीख. ज्या प्रकल्पांना हा तक्ता भरताना मदत हवी असेल, तिथे आम्ही शनिवारी येऊन बसू, त्याचे पैसे घेणार नाही.

कळावे.

आपले,
पुण्यात नकाशे, करारनामे, कर्जाच्या फायली आणि सोसायट्यांचे हिशेब हाताळणारे आम्ही काहीजण

प्रत माहितीसाठी: आयुक्त, पुणे महानगरपालिका, महानगर आयुक्त, पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण, मुख्य अधिकारी, म्हाडा पुणे मंडळ